पाणी अडले कोठे?

या महिन्यात अनुस्वाराविषयी लिहीन, असे मी गेल्या अंकात कबूल केले होते. वाचकांनी क्षमा करावी. अनुस्वार एक महिना थांबू शकतो. आमच्या स्वयंपाकघरात गेल्या पंधरवड्यात जे घडले ते मात्र ताजे आहे तोवरच लिहून टाकलेले बरे.

भांडी धुण्याचे यंत्र, म्हणजे डिशवॉशर, आमच्या घरी आठ महिन्यांपूर्वी आले. ते हौसेने आले नाही. सौभाग्यवतींच्या उजव्या मनगटावर गेल्या वर्षी शस्त्रक्रिया झाली आणि ओली, जड भांडी हाताळू नयेत अशी डॉक्टरांनी ताकीद दिली. तेव्हा पुण्याहून चिरंजीवांनी हे यंत्र धाडले. इंदुरी घरातली पोह्यांची कढई आणि वरणाचे पातेले असले यंत्र काय धुणार, असे माझे मत होते. ते मी चारचौघांत मांडलेही होते. यंत्राने ते पहिल्याच आठवड्यात खोडून काढले.

आणि एका सायंकाळी दार उघडले, तो ताटांवर वरण जसेच्या तसे वाळलेले! साबणाची वडी दाराच्या कप्प्यात अर्धवट विरघळून चिकटलेली. यंत्र दोन तास चालले होते, गुरगुरलेही होते. परंतु पाण्याचा फवारा म्हणून काही झालाच नव्हता. मी तक्रार नोंदविण्यासाठी दूरध्वनी लावला. कारागीर तिसऱ्या दिवशी येईल, असे उत्तर मिळाले. दूरध्वनी ठेवून वळतो तो सौभाग्यवती मोरीशी उभ्या, पदर खोचलेला, आणि डाव्या हाताने कढई घासणे चाललेले. एक शब्दही त्या बोलल्या नाहीत. त्या बोलल्या असत्या तर बरे झाले असते.

त्या रात्री मी यंत्राबरोबर आलेली पुस्तिका शोधून काढली. ती खणात होती, आणि तिचे प्लॅस्टिकचे वेष्टनही निघालेले नव्हते. उत्तरे लिहिण्यापूर्वी प्रश्नपत्रिका संपूर्ण वाचा, असे तीस वर्षे मुलांना सांगणाऱ्या माणसाच्या घरात ही अवस्था!

हे यंत्र मुळात करते काय, तेच मला ठाऊक नव्हते. आत हौदासारखे पाणी भरत असेल आणि त्यात भांडी बुचकळत असतील, अशी माझी कल्पना होती. वस्तुतः आत येते ते मोजके काही लिटर पाणी. ते तळाच्या खळग्यात साठते, पंप ते उचलून दोन फिरत्या पात्यांत ढकलतो, पात्यांच्या छिद्रांतून ते भांड्यांवर आदळते आणि गाळणीतून पुन्हा खळग्यात उतरते. तेच पाणी असे फिरत राहते. १८८६ साली अमेरिकेतील जोसेफीन कॉक्रेन या बाईंनी ज्या यंत्राचे पेटंट घेतले, त्यातही भर ब्रशावर नव्हता, जोरदार पाण्यावर होता. १८९३ च्या शिकागोच्या प्रदर्शनात ते मांडले गेले. तात्पर्य, फवारा नसेल तर हे यंत्र म्हणजे भांडी ठेवण्याचे एक महागडे कपाट.

दुसऱ्या दिवशी शाळेत आमच्या विज्ञानशिक्षकांना विचारले. ते म्हणाले, “सर, दिवाळीतले भुईचक्र पाहिलेत ना? तसेच.” पाते फिरविण्यासाठी वेगळी मोटर नसते. काही छिद्रे तिरकस असतात. पाणी एकीकडे सुटते आणि पाते उलट दिशेला ढकलले जाते. म्हणजे पाते फिरत नसेल तर एकतर त्याच्यापर्यंत पाणी पोहोचत नाही, नाहीतर कोणीतरी त्याला अडवून धरले आहे. त्यांनी परीक्षाही सांगितली. खालचे पाते दाराच्या रोखाने ठेवावे, यंत्र चालू करावे, दहा मिनिटांनी थांबवून वाफ सांभाळत दार उघडावे आणि पाते जागचे हलले आहे का ते पाहावे.

आमचे पाते तसूभरही हलले नव्हते. तळाशी पाणी मात्र होते, आणि हे फार महत्त्वाचे. तळ कोरडा असता तर दोष बाहेर शोधावा लागला असता: नळ अर्धवट उघडलेला, मागची नळी भिंतीशी दबून मुरडलेली, नळीच्या तोंडाची बारीक जाळी गाळाने बुजलेली, किंवा तळाशी असते ती तरंगती टोपी वरच अडकलेली. ही टोपी वर राहिली की पाणी जास्त झाले असे यंत्र समजते आणि नवे पाणी घेत नाही. दाबाचाही प्रश्न असतो. दहा मीटर उंचीवरच्या पाण्याचा दाब सुमारे एक बार. आमची टाकी दुसऱ्या मजल्याच्या गच्चीवर आणि स्वयंपाकघर तळमजल्यावर, म्हणून आमचे निभावते. परंतु वरच्या मजल्यावर राहणाऱ्या आणि टाकी डोक्यावर जेमतेम दोन मीटर असणाऱ्या स्नेह्यांना दाब वाढविणारा छोटा पंप बसवावा लागला.

आमचे पाणी येत होते, वर चढत नव्हते. म्हणून प्रथम प्लग काढला, नळ बंद केला आणि हातांत रबरी मोजे चढविले. खळग्यात फुटक्या काचेचा तुकडा असू शकतो. खालची जाळी बाहेर ओढली. कोणाचा झारा किंवा उलथने दांडा खाली काढून पात्याच्या वाटेत आले असेल म्हणून पाहिले. नव्हते. मग मधली गाळणी फिरवून वर उचलली.

तिचे वर्णन करताना लाज वाटते. मोहरी, कढीलिंबाची पाने, लिंबाच्या बिया, साबुदाण्याची खळ आणि या सर्वांवर तुपाचा साय धरल्यासारखा थर. पाणी त्यातून खाली उतरणार तरी कसे? आणि खाली उतरले नाही तर पंपाने उचलायचे काय? ही गाळणी आठवड्यातून एकदा धुवावी, असे पुस्तिकेत ठळक अक्षरांत छापलेले आहे. आठ महिन्यांत ती एकदाही धुतली गेली नव्हती. सौभाग्यवतींना वाटले, यंत्राचे काम म्हणजे माझे. मला वाटले, भांड्यांचे काम म्हणजे त्यांचे.

गरम पाणी, साबण आणि दात घासण्याचा जुना ब्रश यांनी गाळणी स्वच्छ झाली. पाते वर ओढून काढले व कानाशी हलविले, तो खुळखुळ्यासारखे वाजले. आत जिरे होते, आणि छिद्रांच्या कडांना पांढरा खडूसारखा थर. हा प्रताप आमच्या बोअरच्या पाण्याचा. १९७८ साली जलूदहून नर्मदा इंदुरात आली तेव्हाचा आनंद मला आठवतो. मी तेव्हा शाळकरी होतो. तथापि उन्हाळ्यात आमच्या गल्लीची भिस्त अजून बोअरवरच असते, आणि ते पाणी जड. त्यासाठीच यंत्रात मिठाचा कप्पा असतो. मीठ पाण्यात थेट मिसळत नाही. पाण्यातले कॅल्शियम व मॅग्नेशियम धरून ठेवणाऱ्या राळेचे कण ते पुन्हा धुऊन ताजे करते. आमच्या कप्प्यातले मीठ केव्हाच संपले होते. तसा दिवा लागलेला होता आणि आम्ही त्याला शोभेचा दिवा मानत होतो.

पाते तासभर लिंबूसत्त्वाच्या कोमट पाण्यात ठेवले, एकेक छिद्र दातकोरणीने मोकळे केले, मिठाच्या कप्प्यात यंत्रासाठी मिळणारे जाडे मीठ भरले. एक गोष्ट शेजारच्या वहिनींमुळे कळली. त्यांनी एकदा वडी संपली म्हणून हाताने भांडी घासायचा पातळ साबण यंत्रात घातला. त्याचा इतका फेस झाला की पंप पाण्याऐवजी हवा ओढू लागला आणि पाती थांबली. त्यांच्या यंत्रात दोष काहीच नव्हता.

एवढे करूनही पंप नुसता गुंगुं करत राहिला असता तर मी हात लावणार नव्हतो. पंपाच्या चक्रात काही अडकले किंवा मोटर गेली तर ते कारागिराचे काम, एम. ए. मराठीचे नव्हे.

रात्री यंत्र लावले. प्रथम पाणी आत येण्याचा सूं असा आवाज, मग क्षणभर शांतता, आणि नंतर आतल्या भिंतीवर सपसप, सपसप. सौभाग्यवती माझ्यामागे येऊन उभ्या राहिल्या होत्या. “आलं वाटतं,” एवढेच म्हणाल्या.

तिसऱ्या दिवशी कारागीर आला. त्याने पाते बोटाने फिरवून पाहिले आणि म्हणाला, “सर, ये तो चल रहा है। फिल्टर किसने साफ़ किया?” मी मान खाली घालून चहा पुढे केला.

आता रविवारी वर्तमानपत्र वाचून झाले की गाळणी मी धुतो. दार लावण्यापूर्वी पाते एकदा बोटाने फिरवून पाहणे सौभाग्यवतींकडे. काल त्यांनी स्वयंपाकघरातून हाक मारली, “अहो, झाऱ्याचा दांडा खाली आलाय बघा.” आणि तो मीच ठेवला होता.