बाणाच्या पात्याची परीक्षा

आमच्या कादंबऱ्यांतला बाण कधी चुकत नाही. तो सूं करीत सुटतो, हरणाच्या वर्मी बसतो आणि हरिण जागच्या जागी गतप्राण होते. मी स्वतः कादंबऱ्या लिहितो, तेव्हा हा घरचाच आहेर समजा. पण ही थाप आता पुरे झाली. नुसती साहित्यातली थाप असती तर एक वेळ चालले असते. परंतु अमेरिकेत आजही लाखो माणसे रीतसर परवाना काढून धनुष्यबाणाने हरणाची शिकार करतात, आणि तिथले व्यापारी हीच थाप पुडीत बांधून विकतात. फरक एवढाच, की आमच्या थापेने मरणारे हरिण कागदाचे असते.

बाण मारतो कसा, हे आधी सांगितले पाहिजे. बंदुकीची गोळी तडाख्याने मारते. बाणात तो तडाखा नाही. तिकडे बाण आणि त्याचे पाते ग्रेनमध्ये तोलतात. आपल्या जुन्या तोळ्याचे १८० ग्रेन होतात. बाजारात सर्रास खपणारे पाते १०० ग्रेनचे, म्हणजे अर्ध्या तोळ्याहून किंचित जास्त. दांडी, पिसे, पाते धरून सबंध बाण ४०० ग्रेनचा, म्हणजे सव्वादोन तोळ्यांचा धरा. तो सेकंदाला २८० फूट वेगाने गेला तरी त्याची ऊर्जा भरते सुमारे ७० फूट-पौंड. पोरेटोरे डबे उडवायला वापरतात त्या पॉइंट बावीसच्या गोळीची ऊर्जा शंभराच्या वर जाते, आणि त्या गोळीने कोणी शहाणा हरणावर नेम धरीत नाही. मग बाणाने हरिण पडते कसे? ते कापले जाते म्हणून. पाते बरगड्यांतून दोन्ही फुप्फुसे चिरीत गेले तर आतल्या आत रक्त वाहून हरिण थोडे पळते आणि काही सेकंदांत पडते. तेच पाते बोथट असले, किंवा पोटात गेले, तर ते हरिण तासन्‌तास जिवंत राहते आणि झाडीत कुठे तरी एकटे मरते. म्हणून पात्याची निवड ही शिकाऱ्याच्या हौसेची बाब नव्हे.

वाल्मीकींना हे ठाऊक होते. दशरथाचा बाण लागला तरी श्रावण लगेच मरत नाही. तो बोलतो, बापाला जाऊन कळवायला सांगतो, रुतलेला बाण उपसायला सांगतो, आणि बाण उपसल्यावर प्राण सोडतो. शिकारीच्या वर्णनात इतका खरेपणा आमच्या हल्लीच्या किती लेखकांनी दाखवला आहे? भागवतातल्या जरा व्याधाने माशाच्या पोटात सापडलेला मुसळाचा लोखंडी तुकडा बाणाच्या टोकाला लावला, एवढा बारकावा त्या ग्रंथकाराने सोडला नाही. धनुर्वेदावरच्या जुन्या ग्रंथांत सूचीमुख, अर्धचंद्र, क्षुरप्र, वत्सदंत अशी टोकांची वेगवेगळी नावे आहेत. चिलखत भेदायचे टोक सुईसारखे आणि कापायचे टोक पसरट, हा विवेक त्यांच्यापाशी होता. आमच्यापाशी फक्त ‘तीक्ष्ण बाण’ हे विशेषण उरले.

पात्याची खरी परीक्षा आधुनिक काळात ज्याने मनावर घेतली तो माणूस होता सॅक्स्टन पोप, सॅन फ्रान्सिस्कोचा शस्त्रवैद्य. याही जमातीचा अखेरचा माणूस इशी १९११ साली कॅलिफोर्नियात प्रकट झाला आणि १९१६ साली वारला. त्या चार-पाच वर्षांत पोपने त्याच्याकडून धनुष्यविद्या घेतली. इशी ज्वालामुखीच्या काचेची टोके घडवी. बाटलीची काच मिळाली तर तिचीही. पुढे पोपने एका खोक्यात गाईबैलाचे काळीज भरले, खोक्याच्या बाजूंना हरणाचे कातडे ताणले, आणि पोलादी व काचेची टोके त्यावर सोडून पाहिली. त्या मऊ मांसात काचेचे टोक पोलादापेक्षा खोल गेले! रानटी म्हणून हिणवलेल्या माणसाचे टोक कारखान्याच्या पोलादाला मागे सारून गेले, हे त्या डॉक्टराने आपल्या १९२३ सालच्या पुस्तकात प्रांजळपणे नोंदवून ठेवले. संग्रहालयातला एक नोकर साखळ्यांचे जुने चिलखत दाखवून ‘हे मी अंगात घालतो, मारा माझ्यावर बाण’ म्हणाला, तेव्हा पोपने ते लाकडी खोक्यावर चढवून मग बाण मारला. सुईसारखे टोक चिलखतातून आरपार गेले. नोकराचा चेहरा पाहण्यासारखा झाला असे म्हणतात.

हा झाला परीक्षेचा धर्म. ज्यावर सोडायचे, त्याच्याशी मिळतेजुळते काही समोर ठेवा. आजचे जाहिरातदार काय करतात? पत्र्याच्या पिंपातून पाते आरपार घालून दाखवतात. पिंपाची शिकार कोण करतो? कोणी रबरी फेसाच्या ठोकळ्यावर खोली मोजतात. फेस दांडीला चोहोबाजूंनी आवळून धरतो. त्यात पात्याच्या धारेपेक्षा दांडीच्या घर्षणाचीच परीक्षा होते. ओले कातडे, बरगडी, हलता प्राणी यांतले तिथे काहीच नसते.

माझा एक भाचा पेनसिल्व्हानियात असतो. त्याने सहकाऱ्यांच्या संगतीने शिकारीचा परवाना काढला आणि मला पात्यांच्या पुडीचे छायाचित्र पाठवले. मी विचारले, “यातले एक तरी सोडून पाहिलेस का?” म्हणाला, “मामा, सराव साध्या टोकांनी केला. ही नवी आहेत, उगाच धार का घालवा? वर लिहिले आहे, वस्तऱ्यासारखी धार.” मी म्हटले, “अरे, नवा वस्तरासुद्धा न्हावी पट्ट्यावर घासून मगच हनुवटीला लावतो.” रुंद पाते वाऱ्यात पंखासारखे वागते; साध्या टोकाचा बाण जिथे लागतो तिथे त्याच दांडीवरचे पाते लागेलच असे नाही. म्हणून पुडीतले एक पाते सरावासाठी बाजूला काढून वीस, तीस, चाळीस यार्डांवरून सोडून पाहिले पाहिजे. बाण टोकावर उभा करून भोवऱ्यासारखा फिरवावा. डुगडुगला तर पाते सरळ बसलेले नाही. ताणलेल्या रबराच्या पट्टीला धार नुसती टेकवावी. पट्टी तुटली तर ठीक, नाही तर पुन्हा कानशीवर. या गोष्टींना एक संध्याकाळ लागते.

आता पक्षोपपक्षांची मारामारी. एक पक्ष स्थिर पात्यांचा, दुसरा उडताना मिटून राहणाऱ्या आणि लागताच उघडणाऱ्या पात्यांचा. पहिल्या पक्षाचे आराध्यदैवत डॉ. एड अॅशबी. त्यांनी १९८०च्या दशकात दक्षिण आफ्रिकेतल्या नाताळ प्रांतात नुकत्याच मेलेल्या मोठ्या जनावरांवर बाण सोडून सोडून पाहिले. त्यांचा निष्कर्ष असा: दोनच कडांचे, रुंदीच्या तिप्पट लांब, मजबूत पाते घ्या, आणि जाड हाड फोडायचे तर सबंध बाण ६५० ग्रेनचा, म्हणजे साडेतीन तोळ्यांहून जड ठेवा. काम मोलाचे आहे. पण भक्त ते हरणालाही लावतात आणि मिटत्या पात्यांना शिव्या देतात. त्यांनी मेरीलँडमधल्या इंडियन हेड या नौदलाच्या तळावरच्या नोंदी वाचाव्यात. तिथे १९८९ ते २००६ या काळात ९०८ हरणांना बाण लागले आणि शंभरांत अठरा हाती लागली नाहीत. पुढे तिथल्याच नोंदी पात्यांप्रमाणे वेगळ्या काढल्या, तेव्हा स्थिर पात्यांनी लागलेल्यांपैकी शेकडा ८२ सापडली आणि मिटत्या पात्यांनी लागलेल्यांपैकी ९१! म्हणजे रेड्याला जे हवे ते हरणाला हवेच असे नाही. दुकानदार आता यातला ९१ तेवढा मोठ्या अक्षरांत छापतील. उरलेली नऊ कुठे गेली ते छापणार नाहीत. आणि हे सगळे शिकारी नेमबाजीच्या परीक्षेला बसून उतरलेले होते, हे विसरू नका. माझा भाचा कोणत्याही परीक्षेला बसलेला नाही.

‘मुळात शिकारच कशाला?’ असे विचारणारे वाचक असतील, आणि त्यांचा प्रश्न रास्त आहे. आपल्याकडे १९७२च्या कायद्याने ती बंद झाली. इंग्लंडनेही वन्य प्राण्यांवर धनुष्य चालवायला मनाई केली आहे. ती दोन्ही बंधने मला मान्य आहेत. पण जिथे कायद्याने परवानगी आहे तिथे ‘आम्ही त्यात नाही’ म्हणून नाक मुरडल्याने एकाही हरणाची जखम लहान होत नाही. परवाना देणाऱ्याने पात्याबद्दल काय विचारावे, हा प्रश्न उरतोच. कॅलिफोर्नियाचा नियम पाहा. मोठ्या जनावरासाठीचे पाते सात-अष्टमांश इंच व्यासाच्या छिद्रातून पार होता कामा नये, मिटणारे असेल तर उघडून मोजावे. शिपायाच्या हातात भोक पाडलेली पट्टी दिली की काम झाले. पाते त्या भोकात अडकले म्हणजे उत्तीर्ण. मग त्याची धार लोणी कापण्याच्याही लायकीची नसली तरी चालते. त्या पट्टीबरोबर शिपायाच्या खिशात एक रबराची पट्टीही का देत नाहीत, हे मला कोणी तरी समजावून सांगावे.