संशय कुणावर? डोरोथी ह्यूज यांच्या कादंबऱ्या

१९४७ साली अमेरिकेत दोन गुन्हेकथा आल्या. मिकी स्पिलेन याच्या ‘आय, द ज्युरी’चा नायक माइक हॅमर हा युद्धावरून परतलेला खाजगी डिटेक्टिव्ह. जिवलग मित्राच्या खुनाचा सूड तो स्वतःच्या पिस्तुलाने घेतो आणि शेवटची गोळी झेलते ती एक देखणी बाई. पुढच्या काही वर्षांत स्वस्त कागदी बांधणीत या पुस्तकाच्या लाखो प्रती खपल्या. दुसरी कादंबरी डोरोथी बी. ह्यूज यांची ‘इन अ लोनली प्लेस’. तिचा नायक डिक्स स्टील हाही युद्धावरून परतलेला. वैमानिक, दिसायला उमदा, वागण्याबोलण्यात अदबशीर. रात्री तो एकट्यादुकट्या बाईला गाठतो आणि गळा आवळून मारतो. स्पिलेनने ज्या पुरुषाला न्यायाधीश केले त्यालाच ह्यूज यांनी आरोपीच्या पिंजऱ्यात उभे केले, आणि तेही त्याला पत्ता लागू न देता.

ह्यूज मूळच्या डोरोथी बेल फ्लॅनगन. जन्म १९०४ चा, मिसुरी राज्यातल्या कॅन्सस सिटीचा. मिसुरी विद्यापीठातून पत्रकारितेची पदवी घेऊन त्यांनी बातमीदारी केली. १९३१ साली ‘डार्क सर्टन्टी’ हा त्यांचा कवितासंग्रह येल विद्यापीठाच्या तरुण कवींसाठीच्या ग्रंथमालेत निघाला. पुढच्याच वर्षी लग्न झाले आणि न्यू मेक्सिकोतल्या सांता फे या गावाशी त्यांचा कायमचा संबंध जुळला. तीन मुले, घरसंसार, आणि त्यातून सवड काढून लिहिलेला न्यू मेक्सिको विद्यापीठाच्या पहिल्या पन्नास वर्षांचा इतिहास, असा क्रम आहे. पहिली रहस्यकादंबरी आली ती १९४० मध्ये, वयाच्या पस्तिशीत. बातमीदारी आणि कविता या दोन्हींचे वळण पुढे त्यांच्या गद्यात उतरले. रस्ता, बसथांबा, हॉटेलची खोली यांचे तपशील चोख असतात. वाक्ये आखूड असतात. आणि जे सांगायचे नाही ते सांगायचे नाही, ही शिस्त शेवटपर्यंत टिकते.

पहिल्या काही पुस्तकांत ही शिस्त अजून मुरलेली नाही. ‘द सो ब्लू मार्बल’मध्ये उंची टोप्या आणि हातात काठ्या घेतलेले देखणे जुळे भाऊ न्यूयॉर्कच्या रस्त्यांवर एका निळ्या गोटीचा माग काढत माणसे मारत सुटतात. कथानक पेलवत नाही इतके गुंतागुंतीचे आहे आणि गोटीचे गुपित तर परीकथेत शोभावे असे. तरीही सभ्य पोशाखातला माणूस दार ठोठावतो तेव्हा दार उघडणाऱ्या एकट्या बाईच्या पोटात उठणारी भीती इथे पहिल्यांदा दिसते, आणि ती खरी आहे. युद्धाची वर्षे ह्यूज यांना जास्त मानवली. ‘द फॉलन स्पॅरो’ (१९४२) चा नायक स्पेनच्या यादवी युद्धात कैद होऊन छळ सोसून आला आहे. कोठडीबाहेर ऐकू येणारी लंगड्या माणसाची पावले न्यूयॉर्कमध्येही त्याचा पिच्छा सोडत नाहीत. पुढच्याच वर्षी जॉन गारफिल्डला घेऊन या कादंबरीवर चित्रपट निघाला. ‘द ब्लॅकबर्डर’ (१९४३) मध्ये नाझींच्या ताब्यातल्या पॅरिसमधून निसटलेली एक तरुणी अमेरिकेत चोरून राहते, आणि तिला जर्मन हेरांइतकीच अमेरिकन पोलिसांचीही धास्ती असते. निर्वासिताला कुणाची मदत मागता येत नाही, ही या पुस्तकातली कळीची गोष्ट. लॉस एंजेलिसहून पूर्वेकडे निघालेल्या आगगाडीतली ‘ड्रेड जर्नी’ (१९४५) आटोपशीर आहे. हॉलिवूडचा एक बडा निर्माता आपल्या जुन्या नटीचा काटा काढणार, हे डब्यातल्या बहुतेकांना कळते आणि प्रत्येकाकडे गप्प बसायला कारण असते. हे सारे जवळून पाहतो तो डब्यातला कृष्णवर्णीय सेवक. गोरे प्रवासी त्याच्याकडे कधी नीट पाहतही नाहीत.

एरिक अँबलर आणि ग्रॅहम ग्रीन या इंग्रज लेखकांचा त्यांच्यावर प्रभाव होता. हेरकथेत राजकारण आणि अंतःकरण दोन्ही मावू शकतात, हे त्यांनी तिथून उचलले. पण १९४६ च्या ‘राइड द पिंक हॉर्स’पासून त्यांचा रस्ता स्वतंत्र झाला.

ही कादंबरी घडते सांता फेच्या वार्षिक फिएस्टात, तीन दिवसांत. सेलर नावाचा शिकागोचा एक भुरटा गुंड आपल्या जुन्या धन्याला, एका सिनेटरला, गाठायला येतो. सिनेटरच्या बायकोच्या खुनात पैशाचा व्यवहार अर्धवट राहिलेला आहे. मागावर शिकागोचाच पोलीस अधिकारी मॅक आहे. उत्सवामुळे गावात एकही खोली रिकामी नाही. मळके कपडे, अंगाला घामाचा वास, झोपायला जागा नाही, अशा अवस्थेत सेलर एका जुन्या मेरी-गो-राउंडच्या म्हाताऱ्या मालकाच्या आसऱ्याला जातो. स्पॅनिश आणि आदिवासी वंशाच्या माणसांना तो पहिल्या पानापासून तुच्छ लेखतो आणि मदत करतात तीच माणसे. उत्सवाच्या आरंभी झोझोब्राचा अवाढव्य पुतळा जाळतात. ही प्रथा चित्रकार विल शूस्टर याने १९२४ साली सुरू केली. वर्षभराची मरगळ आणि दुःख त्या पुतळ्याबरोबर जळून जाते, अशी समजूत. नरकचतुर्दशीच्या पहाटे नरकासुर जळताना पाहिलेल्या गोवेकराला हा देखावा अनोळखी वाटणार नाही. सेलरला मात्र तो भयाण वाटतो. सगळे गाव ज्यातून मोकळे होते त्यातून त्याला मोकळे होता येत नाही. रहस्य म्हणून कथेत फारसे काही नाही. खून कुणी केला हे लवकर कळते. प्रश्न एवढाच उरतो की या माणसाला वळायची संधी मिळते तेव्हा तो वळतो का. रॉबर्ट मॉन्टगोमेरीने १९४७ मध्ये हा चित्रपट दिग्दर्शित केला आणि त्यात कामही केले. मेरी-गो-राउंडवाल्याच्या भूमिकेसाठी थॉमस गोमेझ याला ऑस्करचे नामांकन मिळाले. पटकथेत सिनेटरच्या जागी युद्धकाळात गबर झालेला एक धनदांडगा आला, त्यामुळे ह्यूज यांनी राज्यकर्त्यांवर ठेवलेला ठपका हलका झाला.

त्यानंतर ‘इन अ लोनली प्लेस’. लॉस एंजेलिसच्या समुद्रकाठी धुके दाटलेले आहे, डिक्स स्टील उंचावर उभा आहे, बसमधून एक मुलगी एकटी उतरते आणि तो तिच्या मागे चालू लागतो. कथन तृतीयपुरुषी, पण सारखे त्याच्या खांद्याला चिकटलेले. त्याला दिसते तेच वाचकाला दिसते, त्याला जे स्वतःशी कबूल करायचे नसते ते पानावर येत नाही. एकही खून प्रत्यक्ष घडताना दाखवलेला नाही. प्रकरण संपते, दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रात बातमी येते. या पुस्तकात वाचकाला भीती वाटते ती डिक्सच्या शेजारी बसून, त्याच्या नीटनेटक्या विचारांच्या सोबतीने. आपली चीड, आपले चुकारपण, पैसेवाल्या काकाने धाडलेल्या तुटपुंज्या रकमेवर जगण्याची लाज, सगळ्याला त्याच्याकडे समर्थन तयार असते. आपण रहस्यकादंबरी लिहीत असल्याची थाप तो सर्वांना मारतो. ज्याच्या घरात राहतो, ज्याचे कपडे घालतो, तो माणूस परदेशी गेला आहे असे सांगतो.

त्याचा युद्धातला मित्र ब्रब निकोलाय आता पोलीस खात्यात आहे आणि याच खुन्याच्या शोधात आहे. डिक्स त्याच्याकडे जेवायला जातो, तपासाची खबरबात काढतो, घटनास्थळ पाहायलाही जातो. ब्रबला काही खटकत नाही, कारण मित्र चांगल्या घरातला, चांगल्या शिक्षणाचा, आपल्याच पलटणीतला. खटकते ते त्याची बायको सिल्व्हिया हिला, पहिल्याच भेटीत. पुढे शेजारी राहणाऱ्या लॉरेल ग्रे या नटीलाही. डिक्सला लॉरेल आपली वाटते. ती त्याला न्याहाळते आहे हे त्याच्या ध्यानात येत नाही. खुन्याच्याच डोळ्यांनी सगळे सांगूनही या दोघी वाचकाला त्याच्यापेक्षा शहाण्या दिसतात, हे या कादंबरीचे सर्वांत अवघड आणि सर्वांत यशस्वी काम. त्या काळच्या अमेरिकन गुन्हेकथेत देखणी, स्वतंत्र बाई म्हणजे पुरुषाला नादी लावून खड्ड्यात घालणारी, असा ठरलेला साचा होता. लॉरेलला ह्यूज त्या साच्यात आणून उभी करतात आणि मग तो साचा डिक्सच्या डोक्यात होता, असे निघते. जिम थॉम्प्सनची ‘द किलर इनसाइड मी’ १९५२ ची, पॅट्रिशिया हायस्मिथ यांचा टॉम रिप्ली १९५५ चा. खुन्याच्या मनात शिरून लिहिण्याचे श्रेय सहसा या दोघांच्या पदरी पडते. ह्यूज त्यांच्या आधी तिथे होत्या.

निकोलस रे याने १९५० मध्ये या कादंबरीवर केलेला चित्रपट थोर आहे, पण ती गोष्ट वेगळी आहे. हम्फ्री बोगार्टचा डिक्स पटकथालेखक आहे, रागीट आहे, हात उगारणारा आहे, आणि खुनी नाही. त्याच्यावरचा संशय आणि त्याचा स्वतःचा राग यांतून ग्लोरिया ग्रॅहमने केलेल्या लॉरेलबरोबरचे प्रेम नासते. हॉलिवूडला आपला नायक खुनी निघणे परवडणारे नव्हते, हे एक कारण असावे. परिणाम असा झाला की चित्रपटाच्या कीर्तीमुळे कित्येकांना कादंबरीतही डिक्स निर्दोषच असेल असे वाटत राहिले.

नंतरची तीन पुस्तके, ‘द बिग बार्बेक्यू’, ‘द कँडी किड’ आणि ‘द डेव्हिडियन रिपोर्ट’, १९४९ ते १९५२ मधली. यांपैकी शीतयुद्धाच्या संशयी वातावरणातली ‘द डेव्हिडियन रिपोर्ट’ वाचनीय. बाकीची दोन अभ्यासकांसाठी. मग अकरा वर्षे कादंबरी नाही.

१९६३ ची ‘द एक्स्पेंडेबल मॅन’ ही त्यांची अखेरची कादंबरी. तिच्यातला धक्का सांगितल्याशिवाय तिच्याबद्दल बोलताच येत नाही. ज्यांना ती कोरी वाचायची असेल त्यांनी पुढचा परिच्छेद सोडून द्यावा.

ह्यू डेन्समोर हा लॉस एंजेलिसमधला तरुण डॉक्टर. भाचीच्या लग्नासाठी तो आईची कॅडिलॅक घेऊन वाळवंटातून फिनिक्सला निघतो. वाटेत सुनसान रस्त्यावर उभी असलेली एक किशोरवयीन मुलगी पाहून तिला गाडीत घेतो आणि लगेच पस्तावतो. टपोरी पोरे आरडाओरड करत जातात तेव्हा तो घाबरतो. पोलिसांचे नाव निघताच त्याला घाम फुटतो. वाचकाला वाटते, या माणसाने काहीतरी केले आहे. मुलगी मेलेली सापडते, तिचा गर्भपात झालेला असतो, आणि गर्भपात तेव्हा बेकायदा. पोलीस ह्यूच्या दाराशी येतात आणि तेव्हा, पन्नासेक पाने उलटल्यावर, एका गोऱ्या अधिकाऱ्याच्या तोंडून कळते की ह्यू कृष्णवर्णीय आहे. लेखिकेने काहीही खोटे सांगितलेले नाही, फक्त एक गोष्ट सांगितलेली नाही. सुशिक्षित डॉक्टर म्हटल्यावर तो गोराच असणार, हे वाचकाने आपणच धरून चाललेले असते. मागची पाने पुन्हा वाचली की ह्यूची प्रत्येक भीती रास्त होती असे दिसते. मुलीला वाटेत सोडून जाणेही धोक्याचे आणि गाडीत घेणेही. कायद्याने सक्तीचा वर्णभेद असलेल्या दक्षिणेत ही गोष्ट घडत नाही, ती घडते ॲरिझोनात, जिथे हॉटेलात खोली मिळते, जेवण मिळते आणि संशयही तितक्याच सहजपणे मिळतो. योगायोग असा की त्याच वर्षी मार्चमध्ये फिनिक्सच्या पोलिसांनी अर्नेस्टो मिरांडा याला अटक केली. त्याच्या कबुलीजबाबावरून उभ्या राहिलेल्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९६६ मध्ये निकाल दिला, आणि आरोपीला त्याचे हक्क आधी समजावून सांगणे अमेरिकन पोलिसांना बंधनकारक झाले.

डिक्स आणि ह्यू या दोन नायकांमध्ये सोळा वर्षांचे अंतर आहे. एक खुनी, ज्याच्यावर संशय घ्यावा असे कुणाला सुचत नाही. एक निरपराध, ज्याच्यावरून संशय हटत नाही. ह्यूज यांच्या चांगल्या पुस्तकांत तपास असतो, पण उत्सुकता तपासाच्या शेवटाबद्दल नसते. समाज विश्वास कुणाला उधार देतो आणि कुणाकडून रोख मागतो, याचा त्या हिशेब मांडतात. हेरकथांपासून हाच हिशेब सुरू आहे: ‘ब्लॅकबर्डर’मधली निर्वासित मुलगी, आगगाडीतला सेवक, मेरी-गो-राउंडचा म्हातारा, सगळे या वहीत आहेत. स्त्रीवादी लेखिका किंवा वंशभेदाविरुद्ध लिहिणारी लेखिका असे शिक्के त्यांना अपुरे पडतात. त्यांनी भाषणे कधी केली नाहीत आणि त्यांच्या पात्रांनीही नाही.

कादंबऱ्या थांबल्या त्या घरच्या जबाबदाऱ्यांमुळे; म्हातारी आई आणि नातवंडे यांच्यात वेळ जाऊ लागला. परीक्षणे मात्र थांबली नाहीत. ‘अल्बुकर्की ट्रिब्यून’, ‘लॉस एंजेलिस टाइम्स’, ‘न्यूयॉर्क हेरल्ड ट्रिब्यून’ अशा वर्तमानपत्रांतून त्यांनी अनेक वर्षे रहस्यकथांवर लिहिले. अमेरिकेतल्या रहस्यकथाकारांच्या संघटनेने १९५१ साली त्यांना समीक्षेसाठी एडगर पुरस्कार दिला आणि १९७८ मध्ये ग्रँड मास्टर म्हणून गौरवले. त्याच वर्षी पेरी मेसनचे जनक अर्ल स्टॅन्ली गार्डनर यांचे त्यांनी लिहिलेले चरित्र प्रसिद्ध झाले. १९९३ मध्ये ऑरेगनमधल्या ॲशलंड इथे त्यांचे निधन झाले, तेव्हा कादंबऱ्या बहुतेक छपाईबाहेर होत्या.

२००३ मध्ये न्यूयॉर्कच्या फेमिनिस्ट प्रेसने ‘इन अ लोनली प्लेस’ पुन्हा काढली आणि तिथून पुनर्मुद्रणे सुरू झाली. ‘न्यूयॉर्क रिव्ह्यू बुक्स’ने आपल्या अभिजात मालेत २०१२ मध्ये ‘द एक्स्पेंडेबल मॅन’ आणि २०१७ मध्ये ‘इन अ लोनली प्लेस’ घेतली. दरम्यान २०१५ मध्ये ‘लायब्ररी ऑफ अमेरिका’ने चाळीस-पन्नासच्या दशकांतल्या आठ लेखिकांच्या गुन्हेकादंबऱ्या सेरा वाइनमन यांच्या संपादनाखाली दोन खंडांत काढल्या. तिथे ह्यूज यांच्या शेजारी ‘लॉरा’च्या व्हेरा कॅस्परी, ‘बीस्ट इन व्ह्यू’च्या मार्गारेट मिलर, शार्लट आर्मस्ट्राँग, हेलन यूस्टिस आणि हायस्मिथ आहेत. ह्यूज नव्याने वाचणाऱ्याने ‘इन अ लोनली प्लेस’पासून सुरुवात करावी, मग ‘द एक्स्पेंडेबल मॅन’, मग ‘राइड द पिंक हॉर्स’. निळ्या गोटीची कथा त्यानंतर, हौस उरली तर.