भांगेची चिठ्ठी कोणी लिहायची?

२०२० च्या डिसेंबर महिन्याच्या शेवटी गोव्यात गांजावरून बराच धुरळा उडाला होता, आठवतो? जम्मूच्या 'इंडियन इन्स्टिट्यूट ऑफ इंटिग्रेटिव्ह मेडिसिन' या सरकारी संशोधन संस्थेने औषधासाठी गांजाची लागवड करण्याचा प्रस्ताव गोवा सरकारकडे पाठवला होता. कायदा खात्याने तो तपासून पुढे पाठवला ही बातमी फुटली आणि सगळे तुटून पडले. कोणाला गोव्याची बदनामी दिसली, कोणाला तरुण पिढीचा सत्यानाश दिसला, तर कोणाला शेतकऱ्याच्या हातात खुळखुळणारा पैसा दिसला. शेवटी मुख्यमंत्र्यांनी असा कोणताही निर्णय झालेला नाही असं सांगितलं आणि नवीन वर्षाच्या फटाक्यांत विषय विरून गेला.

त्या गदारोळात एक प्रश्न मात्र कोणीच विचारला नाही. पीक कोण घेणार यावर सगळे भांडले. पण त्याचं औषध झालं तर त्याची चिठ्ठी कोण लिहिणार? एमबीबीएस डॉक्टर, कॅन्सरचा तज्ज्ञ की आयुर्वेदाचा वैद्य? आणि तो लिहिणारा माणूस आजाऱ्याच्या घरापासून किती कोसांवर बसलेला असणार?

हा प्रश्न मला पहिल्यांदा ऐकू आला तो पणजीत नव्हे, तर मंठाळला. वाचकहो, मंठाळ हे नाव आपल्यापैकी बहुतेकांनी ऐकलेलं नसेल. कर्नाटकातल्या बिदर जिल्ह्यात, बसवेश्वरांच्या बसवकल्याण तालुक्यात हे गाव आहे. बिदरचा हा भाग १९५६ पर्यंत हैदराबाद राज्यात होता, भाषावार रचनेत म्हैसूर राज्यात गेला. कचेरीत कन्नड, घरात मराठी, बाजारात दोन्ही आणि वर दखनी उर्दूची फोडणी, असा तिथला मामला. सीमेपलीकडे महाराष्ट्रातला उमरगा. मोठं दुखणं आलं की माणसं सोलापूरची नाहीतर कलबुर्गीची वाट धरतात. आपल्याकडे वास्को, झुआरीनगरच्या बाजूला बांधकामावर राबणारी कितीतरी माणसं याच कलबुर्गी-विजापूर टापूतून येतात, त्यामुळे गोव्याशी त्यांचं नातं वाटतं तितकं लांबचं नाही.

तिथे एका ओळखीच्या घरी गेलो असताना शेजारचे एक वयस्कर शेतकरी येऊन बसले. मी गोव्याचा हे कळल्यावर थोडा वेळ गप्प राहिले आणि मग म्हणाले, "साहेब, तुमच्या गोव्याला ते मिळतंय म्हणं. दुखण्यावर चालतंय म्हणं. डॉक्टर लिहून देतेत का तिकडं?" त्यांच्या धाकट्या भावाला तोंडाचा कॅन्सर झाला होता. सोलापूरहून 'आता घरी न्या' असं सांगून पाठवलेलं. रात्र रात्र झोप नाही. गोव्यातसुद्धा डॉक्टर तसं लिहून देत नाहीत असं मी सांगितलं. त्यावर ते म्हणाले, "पाला मिळवायचं काय कठीण नाही हो. पण कागद पायजे. कागद असला तर भ्यायचं काम नाही."

'कागद पायजे' हे तीन अक्षरी आणि तीन अक्षरी असे दोन शब्द माझ्या डोक्यात अजून आहेत. कारण पाला मिळवणं कठीण नाही हे त्यांचं म्हणणं खरं होतं. सप्टेंबर २०२० मध्ये बंगळूरच्या पोलिसांनी कलबुर्गी जिल्ह्यातल्या काळगी तालुक्यात जमिनीखाली लपवलेला सुमारे तेराशे किलो गांजा पकडला. दोनच वर्षांनी, सप्टेंबर २०२२ मध्ये, कलबुर्गीच्या कमलापूरचं पोलीस पथक गांजाच्या मागावर महाराष्ट्राच्या हद्दीपर्यंत गेलं असता जमावाने हल्ला केला आणि निरीक्षक मरता मरता वाचले. यादगीर जिल्ह्यात तिंथणीच्या मौनेश्वराच्या जत्रेत गांजा प्रसाद म्हणून घेतला जातो हेही वर्तमानपत्रांतून छापून आलेलं आहे. म्हणजे चोराला मिळतो, भक्ताला मिळतो. मिळत नाही तो फक्त ज्याला डॉक्टरची सही हवी आहे त्याला.

आता कायदा काय म्हणतो ते पाहू. १९८५ च्या अमली पदार्थ कायद्यात, ज्याला सगळे एनडीपीएस म्हणतात, गांजा म्हणजे झाडाचे फुलोऱ्याचे शेंडे आणि चरस म्हणजे त्याची राळ. नुसती पानं आणि बिया या व्याख्येतून वगळलेल्या आहेत. ऑगस्ट २०२२ मध्ये कर्नाटक उच्च न्यायालयाने एका जामीन प्रकरणात याच आधारावर भांग या कायद्याखाली येत नाही असं म्हटलं. पानांचा कारभार राहिला राज्यांच्या अबकारी कायद्यांकडे. महाराष्ट्रात त्यासाठी १९४९ चा दारूबंदी कायदा, कर्नाटकात १९६५ चा अबकारी कायदा, आपल्याकडे १९६४ चा. त्यामुळे एकाच बांधाच्या दोन बाजूंना त्याच झाडाच्या त्याच पानाला वेगवेगळे नियम.

औषधाचं म्हणाल तर त्याच कायद्याने वैद्यकीय आणि वैज्ञानिक उपयोगाचं दार उघडं ठेवलेलं आहे. परंतु दार उघडं असून आत जाणारी पायवाटच कोणी बांधली नाही. ॲलोपॅथीच्या डॉक्टरला सहज लिहून देता येईल असं औषध त्याच्या हाती नाही. आयुर्वेदात मात्र भांग 'विजया' या नावाने शतकानुशतकं आहे. शार्ङ्गधर संहितेतल्या जातीफलादि चूर्णात ती आहे. औषध नियमांच्या 'ई-१' या परिशिष्टात विषारी द्रव्यांच्या यादीत, बचनाग, धोतरा, कुचला यांच्या पंगतीला तिला बसवलं आहे आणि अशा औषधाच्या वेष्टनावर 'वैद्यकीय देखरेखीखाली घ्यावे' असं छापावं लागतं.

याचा अर्थ काय झाला? भांगेचं औषध कायदेशीरपणे देऊ शकणारा माणूस या देशात आहे, तो म्हणजे वैद्य किंवा हकीम. कॅन्सरच्या वॉर्डात वीस वर्षं काढलेला तज्ज्ञ नव्हे. वैद्यांविषयी मला आदर आहे. आमच्या आजीच्या पिढीला वैजाच्या वखदानेच बरं वाटायचं. परंतु रुग्णाच्या केसपेपरवर केमोथेरपी एकाच्या अक्षरात आणि विजया दुसऱ्याच्या अक्षरात, आणि दोघांची एकमेकांशी गाठ नाही, हे धोक्याचं आहे. या झाडातली द्रव्यं फिटच्या आणि रक्त पातळ करणाऱ्या काही औषधांची रक्तातली पातळी वाढवतात. हे कोणी बघायचं? त्यातच आयुर्वेदिक औषध विकायला ॲलोपॅथीच्या दुकानासारखा परवाना लागत नाही. आज विजयाचा अर्क इंटरनेटवरून मागवता येतो, फोनवर पाच मिनिटं बोलून चिठ्ठीही होते. 'देखरेख' या शब्दाचा अर्थ एवढाच उरला तर तो शब्द वेष्टनावर नसलेलाच बरा.

औषध कोणी द्यायचं हे भांडण आम्हा गोमंतकीयांना नवीन नाही. पणजीत चर्चसमोरच्या बागेला ज्याचं नाव आहे तो गार्सिया द ऑर्ता १५३४ मध्ये गोव्यात आला. त्याचा औषधी वनस्पतींवरचा संवादरूप ग्रंथ १५६३ साली इथेच छापला गेला आणि त्यात एक प्रकरण भांगेवर आहे. गुजरातच्या बहादूरशहाने म्हणे पोर्तुगीज सेनापतीला सांगितलं होतं की रात्री पोर्तुगाल, ब्राझील, तुर्कस्तान हिंडून यावंसं वाटलं की मी थोडी भांग खातो! ऑर्ताने ही गंमत नोंदवली, पण इथल्या वैद्यांचं ज्ञानही तितक्याच गंभीरपणे टिपलं. राज्यकर्त्यांचं धोरण मात्र निराळं होतं. १५६७ च्या धर्मपरिषदेने ख्रिश्चनांना हिंदू वैद्याकडे जायला मनाई केली. १६१८ मध्ये गोव्याच्या नगरसभेने हिंदू वैद्यांना परीक्षा लावून त्यांची संख्या तीसवर आणली. गंमत म्हणजे बडे पोर्तुगीज अधिकारी स्वतः आजारी पडले की याच वैद्यांना बोलावत. नियम औषधाच्या गुणावर नव्हता, तो देणाऱ्याच्या जातकुळीवर होता. आज 'पॅथी'च्या नावाने आपण नेमकं तेच करतो आहोत, फक्त पारडं उलट्या बाजूला झुकलं आहे.

कोणी म्हणेल, मग तज्ज्ञांनाच अधिकार द्या, संपलं. इंग्लंडने तसंच केलं. नोव्हेंबर २०१८ पासून तिथे नोंदणीकृत तज्ज्ञच हे औषध सुरू करू शकतो. परिणाम असा की सरकारी दवाखान्यांतून अशा चिठ्ठ्या फारच थोड्या निघाल्या आणि ज्यांच्या खिशात पैसे ते खासगी दवाखान्यांत गेले. जर्मनीने दुसरं टोक गाठलं. २०१७ मध्ये जवळजवळ सगळ्याच डॉक्टरांना परवानगी दिली, २०२४ मध्ये गांजा अमली पदार्थांच्या यादीतूनच काढला. मग संगणकावर चार प्रश्नांची उत्तरं दिली की चिठ्ठी देणारी संकेतस्थळं उगवली आणि सरकारला पुन्हा लगाम शोधावा लागला. थायलंडने २०२२ मध्ये सगळंच मोकळं सोडलं आणि जून २०२५ मध्ये परत चिठ्ठी सक्तीची केली. मात्र चिठ्ठी लिहिणाऱ्यांत आधुनिक डॉक्टरांबरोबर पारंपरिक थाई वैद्यांनाही ठेवलं. ही गोष्ट आपण नीट पाहण्यासारखी आहे.

पण परदेशात कशाला जा? आपल्याच घरचा धडा मॉर्फिनचा आहे. १९८५ चा कायदा आला आणि परवान्यांच्या जंजाळाला कंटाळून दवाखान्यांनी मॉर्फिन ठेवणंच सोडलं. बंदी नव्हती, तरी बारा वर्षांत देशातला वापर ९७ टक्क्यांनी घसरला. १९९७ साली एवढ्या मोठ्या देशात जेमतेम १८ किलो मॉर्फिन वापरलं गेलं. अफू पिकवणाऱ्या देशात कॅन्सरचे रोगी तळमळत मेले. केरळात डॉ. एम. आर. राजगोपाल यांच्यासारख्यांनी वर्षानुवर्षं झगडून २०१४ ची दुरुस्ती घडवून आणली. आता मान्यताप्राप्त वैद्यकीय संस्थेत वेदनाशमनाचं प्रशिक्षण घेतलेला डॉक्टर असला की ती संस्था हे औषध ठेवू शकते. पाच-पाच खात्यांचे परवाने नकोत. तरीही ती गोळी खेड्यात सहज मिळते असं नाही, कारण प्रशिक्षित माणूसच तालुक्याला नसतो. बंदीने जेवढी माणसं तळमळली नसतील तेवढी लांब बसलेल्या सहीमुळे तळमळली.

म्हणून माझं म्हणणं साधं आहे. भांगेच्या औषधाची चिठ्ठी कोणत्या पदवीने लिहायची हा प्रश्न दुय्यम आहे. वेदना आणि हे औषध, दोन्ही शिकलेला कोण, हे आधी ठरवा. मॉर्फिनसाठी आहे तसं प्रशिक्षण ठेवा आणि ते एमबीबीएस आणि बीएएमएस दोघांनाही खुलं करा. ज्याने त्याने आपल्या शास्त्रातलं औषध द्यावं, पण नोंद रुग्णाच्या एकाच कागदावर व्हावी. पहिली चिठ्ठी जिल्हा रुग्णालयात माणसाला समोर बसवून, तपासून लिहावी. पुढची मात्र प्राथमिक आरोग्य केंद्रातल्या डॉक्टरने लिहावी, कारण अंथरुणाला खिळलेल्या माणसाला दर महिन्याला जीपमध्ये घालून बिदरला नेता येत नाही. आणि तो कागद रुग्णाच्या घरच्यांना वाचता येईल अशा भाषेत असावा. मंठाळमध्ये त्याचा अर्थ कन्नड आणि मराठी दोन्ही असा होतो.

हे औषध म्हणजे संजीवनी आहे असं मी म्हणत नाही. लहान मुलांच्या काही दुर्धर फिट्स, केमोथेरपीनंतरची मळमळ, काही मज्जारोगांतला स्नायूंचा ताठरपणा एवढ्यावर त्याचा बऱ्यापैकी पुरावा आहे. कॅन्सरच्या वेदनेवरचा पुरावा तोकडा आहे, तिथे मॉर्फिनच पहिलं. कोवळ्या वयात गांजाने डोकं बिघडल्याची उदाहरणंही खोटी नाहीत. पण म्हणूनच तर शिकलेला डॉक्टर हवा. मंठाळच्या त्या काकांना त्यांच्या भावासाठी कदाचित विजया नव्हे, तर मॉर्फिनची गोळी हवी होती. हे त्यांना सांगणारं कोणी जवळ नव्हतं, आणि ती लिहून देणारंही.

डिसेंबर २०२० मध्ये संयुक्त राष्ट्रांच्या आयोगात गांजाला सर्वांत कडक यादीतून काढण्यावर मतदान झालं. २७ विरुद्ध २५ अशा निसटत्या फरकाने ठराव पास झाला आणि भारताने बाजूने मत दिलं. व्हिएन्नात हात वर करून देशात गप्प बसता येत नाही. गोव्यात तो लागवडीचा प्रस्ताव आज ना उद्या पुन्हा येईल. तेव्हा किती हेक्टर आणि किती कोटी हे विचारण्याआधी आपल्या आमदाराला एवढंच विचारा, की सत्तरीतल्या किंवा काणकोणातल्या रोग्याची चिठ्ठी कोण लिहिणार, आणि त्यासाठी त्याला किती लांब जावं लागणार.