परवान्याचे वर्ष कोणासाठी थांबत नाही

शाहपुरातील मराठी व्यापाऱ्याच्या परवान्याचे नूतनीकरण अडले की तो काय करतो? प्रथम वाट पाहतो. मग कचेरीत खेटे घालतो, ओळखीच्या गृहस्थाकडून शब्द टाकून घेतो, आणि ‘पाहू’ एवढे उत्तर मिळाले की समाधानाने घरी परततो. वकिलाची आठवण त्याला होते ती दुकानाला टाळे लागल्यावर! कारण विचारावे तर उत्तर ठरलेले: ज्या राज्यात आम्हांला राहावयाचेच नाही, त्याच्या न्यायालयात आम्ही दाद काय म्हणून मागावी?

या उत्तराला स्वाभिमान म्हणावयास आम्ही तयार नाही. विलीनीकरणाची मागणी या स्तंभांतून आम्ही अखंड करीत आलो आहोत. परंतु ज्या गावातून मराठी व्यापारीच उठून गेला, त्या गावाचे विलीनीकरण कोणासाठी मागावयाचे?

निमाड, सागर आणि नागपूर हे जिल्हे एकाच राज्यात होते तेव्हाची, म्हणजे 1950 सालची एक गोष्ट आहे. शेतीच्या हंगामात काही गावांत विड्या वळण्यास बंदी करणारा हुकूम सागरच्या डेप्युटी कमिशनरांनी 13 जूनला काढला. विडी कारखानदार चिंतामणराव 19 जूनला सर्वोच्च न्यायालयात होते. अवघ्या सहा दिवसांत! तरीही सुनावणीपूर्वीच तो हंगाम संपला आणि 29 सप्टेंबरला पुढच्या हंगामासाठी तसाच नवा हुकूम निघाला. चिंतामणराव स्वस्थ बसले नाहीत; पुरवणी अर्ज करून त्यांनी त्यालाही आव्हान दिले. 8 नोव्हेंबरला न्यायालयाने ती बंदी घटनाबाह्य ठरविली, तेव्हा दुसऱ्या हुकुमाचे दहाच दिवस उरले होते.

इतकी तत्परता दाखवूनही मुदत अशी निसटते. मग आठ महिने ‘पाहू’ या शब्दावर काढणाऱ्याची काय कथा? एक वर्षाचा परवाना नाकारला गेला आणि नकाराविरुद्ध दाद मागावयास वर्ष लोटले, तर न्यायालयाने द्यावे काय? परवान्याचे वर्षच संपलेले असते. शिवाय मधल्या काळात विनापरवाना धंदा केल्याचा ठपका येतो तो निराळाच. खाद्यपदार्थांच्या व्यापाऱ्यांनी तर विशेष सावध असावे. 2006 च्या अन्नसुरक्षा कायद्याच्या 32 व्या कलमान्वये परवाना निलंबित वा रद्द झाल्यास अपिलाला मिळतात फक्त 15 दिवस.

रिट अर्जाला अशी बांधलेली मुदत नाही, हे खरे. पण त्या भरवशावर राहणाऱ्यांनी तिलोकचंद मोतीचंद या पेढीचा अनुभव ध्यानात घ्यावा. मुंबई विक्रीकर कायद्याच्या ज्या तरतुदीखाली तिची रक्कम सरकारजमा झाली, तशाच स्वरूपाची तरतूद दुसऱ्या एका व्यापाऱ्याच्या दाव्यात 1967 साली रद्द झाली. पेढीने 1968 साली अर्ज केला. तो विलंबापायी फेटाळला गेला आणि पैसे गेले ते गेलेच. कचेरीला विनंतीपत्रे पाठवीत राहिल्याने शिळा दावा ताजा होत नाही, हेही न्यायालयाने 2008 साली बजावले आहे.

हा रोग एकट्या दुकानदारांचा नाही, हे प्रांजळपणे सांगितले पाहिजे. 1956 च्या राज्य पुनर्रचनेविरुद्ध बेळगाव सीमाभागाचा दावा घेऊन महाराष्ट्र सरकार सर्वोच्च न्यायालयात गेले ते 2004 साली, तब्बल 48 वर्षांनी! आणि त्यात निमाडचे नावही नाही. मुंबईच्या त्या कूर्मगतीचे अनुकरण शाहपूरच्या बाजारपेठेने करावे, अशी आमची इच्छा नाही.

नूतनीकरणाचा अर्ज मुदतीपूर्वी द्यावा आणि त्याची तारखेची पोच घ्यावी. तोंडी नकार ऐकून परत फिरू नये, तो लेखी मागावा. देत नसतील तर स्पीड पोस्टाने मागावा आणि त्याच आठवड्यात वकील गाठावा. जबलपूर लांब आहे, खर्चाचे आहे, हे आम्ही जाणतो. पण सभेच्या मांडवासाठी या पेठेत एका संध्याकाळी वर्गणी जमते. तीच दहा दुकानदारांनी एकाच्या वकीलपत्रासाठी का जमवू नये?