अनुभव आमचा, सिद्धांत त्यांचा : ही वाटणी कोणी केली?



नागपूरच्या अभ्यासवर्गांत हल्ली हुसेर्ल, हायडेगर, मर्लो-पाँटी ही नावे ऐकू येतात. मला त्याचा आनंदच आहे. पण या नावांवर आपल्याकडे दोन ठरलेल्या प्रतिक्रिया उमटतात आणि दोन्ही घातक आहेत. चळवळीतले काही ज्येष्ठ म्हणतात, पोट भरलेल्या युरोपचे हे चोचले आहेत, आपल्याला त्याचे काय? दुसरीकडे चर्चासत्रांतले प्राध्यापक हुसेर्लचे नाव घेतात आणि तिसऱ्या मिनिटाला शंकराचार्यांवर येऊन थांबतात. म्हणजे जर्मनीला वळसा घालून पुन्हा मठातच! या दोघांच्या तावडीतून हा विषय सोडवला पाहिजे. कारण फिनॉमिनॉलॉजी ज्या वस्तूवर उभी आहे ती वस्तू म्हणजे अनुभव, आणि अनुभवाच्या नावाखाली आपली जेवढी फसवणूक झाली तेवढी क्वचितच दुसऱ्या कशाच्या नावाखाली झाली असेल.

मराठीत या शास्त्रासाठी निरनिराळे शब्द वापरले जातात. मी सरळ फिनॉमिनॉलॉजीच म्हणतो. एडमंड हुसेर्लने 1900-01 मध्ये आपल्या ग्रंथातून तिची सुरुवात केली. मुद्दा असा : एखादी गोष्ट मुळात काय आहे यावर वाद घालण्याआधी ती आपल्याला कशी जाणवते, कोणत्या गृहीतकांतून आपल्यापर्यंत पोचते, हे काटेकोरपणे तपासा. आपण रोज ज्या जगात वावरतो ते 'असेच असते' असे धरून चालतो. ते धरून चालणे क्षणभर थांबवा आणि त्याच्याकडेच बघा.

आता सांगा, या देशात 'असेच असते' म्हणून सर्वात जास्त काय धरून चालले जाते? भाड्याची खोली बघायला गेलात की घरमालक आधी आडनाव विचारतो. आडनावावरून उलगडा झाला नाही तर गाव विचारतो. तरीही झाला नाही तर 'नॉनव्हेज खाता का?' त्याला यात काही वावगे वाटत नाही. हुसेर्ल ज्याला नैसर्गिक वृत्ती म्हणतो ती भारतात जातीची आहे. पण आपल्याकडे तत्त्वज्ञान शिकवणाऱ्यांनी फळ्यावर उदाहरण दिले ते टेबलाचे आणि खुर्चीचे.

हुसेर्लच्या बाबतीत एक गोष्ट लपवू नये. 1935 मध्ये व्हिएन्नाच्या व्याख्यानात त्याने सांगितले की शुद्ध सिद्धांताची वृत्ती फक्त ग्रीकांत जन्मली. भारत-चीनमधले विचार धार्मिक आणि व्यवहारापुरते. युरोपभर भटकणाऱ्या रोमा लोकांनाही त्याने युरोपच्या आत्म्यातून वगळले. हे बोलणारा माणूस जन्माने ज्यू होता, आणि दोनच वर्षांपूर्वी, 1933 मध्ये, नाझी कायद्याने त्याच्यावर स्वतःच्याच विद्यापीठाचे दार बंद केले होते. त्याचा लाडका शिष्य हायडेगर त्याच वर्षी नाझी पक्षाचा सभासद झाला. 'बीइंग अँड टाइम' हा ग्रंथ त्याने गुरूला अर्पण केला होता, 1941 च्या आवृत्तीतून ती अर्पणपत्रिकाच गायब झाली. तेव्हा कोणाच्या पाया पडायचे काही कारण नाही. हत्यार घ्यायचे, भक्ती नाही.

युरोपात या शास्त्राचे पुढे काय झाले तेही थोडक्यात. साठच्या दशकात फुको, देरिदा यांनी त्यावर घाव घातले. अनुभवणारा 'मी' हाच सत्तेने आणि भाषेने घडवलेला असतो, मग त्याच्या अनुभवावर एवढा भरवसा कसा, असा त्यांचा सवाल. 2006 मध्ये मेयासूने आणखी एक हल्ला केला : माणसाच्या जाणिवेपलीकडच्या जगाबद्दल तुम्ही काहीच बोलू शकत नाही, हे कसले तत्त्वज्ञान! तरीही फिनॉमिनॉलॉजी टिकली. ती कोणी टिकवली? माझ्या मते, जे दाराबाहेर होते त्यांनी. सिमोन द बोव्हुआरने 1949 मध्ये बाईच्या जगण्यातून तिची मांडणी केली. 1952 मध्ये फ्रान्झ फॅननने काळ्या माणसाच्या कातडीतून केली. सारा अहमदने गोरेपण हीच एक सवय कशी असते ते दाखवले, आणि लिसा गुंथरने 2013 मध्ये अमेरिकी तुरुंगातल्या एकांतकोठडीवर लिहिले. जातीवरचे लेखन या रांगेत का दिसत नाही, हा आपला प्रश्न आहे.

फॅननचे उदाहरण जरा नीट बघू. मर्लो-पाँटी म्हणतो, शरीर म्हणजे नुसती वस्तू नव्हे, शरीर म्हणजे 'मला हे करता येते' ही जाणीव. हात पुढे जातो, पेला उचलतो, विचार करावा लागत नाही. फॅनन म्हणतो, गोऱ्याच्या नजरेखाली काळ्या माणसाचे हे सहजपण मोडून पडते, कारण त्याच्या आधी त्याची कातडी तिथे पोचलेली असते. फॅननच्या त्या प्रकरणाच्या मूळ नावात 'जगलेला अनुभव' असे शब्द होते. 1967 च्या इंग्रजी भाषांतरात त्याचे झाले 'काळेपणाची वस्तुस्थिती'. अनुभवातून सिद्धांत मांडणाऱ्याला भाषांतराने पुन्हा वस्तू करून टाकले.

आता बाबासाहेबांचे 'वेटिंग फॉर अ व्हिसा' उघडा. 1934 ची दौलताबादची हकीकत. प्रवासाने धुळीने माखलेली मंडळी किल्ल्याच्या दाराशी येतात. समोर पाण्याने भरलेला हौद आहे, काही जण तोंड-पाय धुतात. कोणतेही धुळीने माखलेले शरीर जे करेल तेच. तेवढ्यात एक पांढऱ्या दाढीचा म्हातारा मुसलमान ओरडत येतो की धेडांनी हौद बाटवला. पाणी तेच, हात तेच, पण त्या ओरडण्याने हाताचे 'करता येणे' हिरावले जाते. पुढे किल्ल्यात जायला मिळते ते शस्त्रधारी शिपायाच्या पहाऱ्यात, कुठेही पाण्याला हात लागू नये म्हणून. मर्लो-पाँटीचे 'फिनॉमिनॉलॉजी ऑफ परसेप्शन' 1945 मध्ये आले. बाबासाहेबांच्या आठवणी त्याच्या आधीच्या आहेत.

पण फॅनन आणि बाबासाहेब यांच्यात एक फरक आहे, आणि तो फरक म्हणजे आपले जगाला देणे आहे. फॅननला कोणी काही विचारावे लागत नाही, रंग दिसतोच. जात दिसत नाही. 1901 मध्ये मसूर स्टेशनवर उतरलेली नीटनेटकी मुले बघून स्टेशनमास्तर आधी आपुलकीने चौकशी करतो. लहानग्या भीमाच्या तोंडून 'महार' शब्द निघतो आणि त्याचा चेहरा बदलतो. तो आपल्या खोलीकडे निघून जातो. गाडीवान दुप्पट भाडे घेऊनही मुलांसोबत बसायला तयार नाहीत. म्हणून मुलांनी गाडी हाकायची आणि गाडीवानाने पायी चालायचे असे ठरते. म्हणजे जातीची नजर डोळ्यांनी सुरू होत नाही, प्रश्नाने सुरू होते. ती एका शब्दाची वाट बघते. म्हणून दलित माणूस शिकतो ते गप्प बसायला, विषय बदलायला, आडनाव गिळायला. बडोद्याला बाबासाहेबांना पारशी नाव घेऊन राहावे लागले ते यामुळेच, आणि अकराव्या दिवशी लाठ्या घेतलेले पारशी दारात उभे राहिले. ही दिसण्याची नव्हे, उघडे पडण्याची भीती आहे. युरोपच्या तत्त्वज्ञानात ज्यूंवर लिहिताना सार्त्र तिच्या आसपास येतो, पण आपल्याकडे तिच्यासाठी अख्खे वाङ्मय आहे.

आपल्या नागपूरचेच बघा ना. कुमुद पावडे यांचे 'अंतःस्फोट' 1981 मध्ये आले. संस्कृतची एम. ए. झालेली कुमुद सोमकुवर नोकरीसाठी वणवण फिरते, दारे उघडत नाहीत. आंतरजातीय लग्न होते, सोमकुवरची पावडे होते, आणि नोकरी मिळते. बाई तीच, पदवी तीच, संस्कृत तेच. आडनावाने ज्ञान बदलते की काय? त्या स्वतःच लिहितात की हे श्रेय त्यांच्या गुणवत्तेला नाही, सवर्ण आडनावाला आहे. समीक्षकांनी या पुस्तकाला काय म्हटले? 'दाहक अनुभव', 'प्रांजळ आत्मकथन'. व्यक्ती आणि नाव यांच्या नात्याबद्दल इतका नेमका विचार मांडणाऱ्या बाईला तत्त्वचिंतक कोणी म्हटले का?

ही वाटणी गोपाळ गुरू यांनी 2002 मध्ये उघडी पाडली. भारतीय समाजविज्ञानात सिद्धांत मांडणारे ब्राह्मण आणि माहिती पुरवणारे शूद्र अशी विभागणी आहे, हे त्यांनी 'इकॉनॉमिक अँड पोलिटिकल वीकली'त स्पष्ट लिहिले. आपल्यालाही सोडले नाही : कविता लिहिली की सिद्धांताची गरज संपली असे समजू नका, असे बजावले. त्यावर सुंदर सरुक्काई यांनी उत्तर दिले, वाद वाढला, आणि 2012 मध्ये दोघांचे 'द क्रॅक्ड मिरर' हे पुस्तक आले. सरुक्काईंची एक गोष्ट मला पटते. जगलेला अनुभव म्हणजे नुसता घेतलेला अनुभव नव्हे, तर ज्यातून उठून जायची मुभाच नसते तो. महिनाभर वस्तीत राहून परत जाणाऱ्या संशोधकाला नेमकी तीच मुभा असते.

पण अस्पृश्यतेच्या फिनॉमिनॉलॉजीवर त्यांनी 2009 मध्ये जो लेख लिहिला, तिथे मी थांबतो. त्यांचे म्हणणे साधारण असे की अस्पृश्यतेचे मूळ ब्राह्मणाच्या स्वतःच्या स्पर्श न करण्यात आहे. विधीच्या वेळी तोच अस्पर्श्य होतो, आणि हे ओझे त्याने कायमचे दुसऱ्यावर टाकले. मांडणी हुशारीची आहे. पण बाबासाहेबांनी 1948 मध्ये 'अस्पृश्य मूळचे कोण?' या ग्रंथात हा रस्ता आधीच बंद केला आहे. जन्म, मृत्यू, विटाळ यांची अशुद्धी तात्पुरती असते, विधीने धुतली जाते आणि व्यक्तीला लागते. अस्पृश्यता कायमची असते, कशाने धुतली जात नाही, आणि अख्ख्या जमातींना वंशपरंपरेने लागते. 1935 च्या सरकारी यादीतल्या 429 जमाती ते समोर ठेवतात. अशुद्ध आणि अस्पृश्य या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, दोन्हींचा उगम वेगळ्या काळातला, असे ते बजावतात. ते शोधतात इतिहासात : पराभूत टोळ्यांची वाताहत झालेली माणसे, बौद्ध धम्म न सोडणे, गोमांस. या सिद्धांतावर वाद होऊ शकतो. पण ब्राह्मणाच्या कातडीतून निघून दलितांपर्यंत पोचणारी फिनॉमिनॉलॉजी गावकुसाबाहेर कधी जातच नाही, हे नक्की.

आता आपल्या घरात. 'ज्याचं जळतं त्यालाच कळतं' हे वाक्य आपण सभेत टाळ्यांसाठी वापरतो. समोरच्याचे तोंड बंद करायला ते चांगले आहे. पण तेवढ्यावर थांबलो की आपण त्यांच्याच वाटणीवर सही करतो : जळणे आमच्याकडे, कळणे तुमच्याकडे. शिवाय हे वाक्य आतल्या आत उलटते. मातंग कार्यकर्ता तेच आपल्याला म्हणतो, आपली आई-बहीण तेच आपल्याला म्हणते, तेव्हा आपल्याला तर्क आठवतो आणि पुरावा लागतो. अनुभव हे जातीच्या दाखल्यासारखे कागद नव्हे की दाखवला आणि काम झाले. तो तपासावा लागतो, दुसऱ्याच्या अनुभवाशेजारी ठेवावा लागतो, तो ज्या व्यवस्थेने घडवला तिच्यापर्यंत न्यावा लागतो. रोहित वेमुलाचे शेवटचे पत्र आपण 2016 पासून दरवर्षी वाचतो, रडतो. माणसाला मन म्हणून न मोजता ओळखीपुरते मोजले जाते, हा त्याचा मुद्दा किती अभ्यासवर्गांत मुद्दा म्हणून चर्चिला गेला?

आणि दुःखाचे काय करायचे, हे तर बाबासाहेबांनी शेवटच्या ग्रंथात दाखवलेच आहे. हुसेर्लने 1925 मध्ये बुद्धाची प्रवचने जर्मन भाषांतरात वाचून त्यांची स्तुती करणारे छोटेसे टिपण लिहिले होते. त्याला त्यात मनाच्या आतली शुद्धी दिसली. पारंपरिक कथाही आतलीच : म्हातारा, रोगी, प्रेत दिसले आणि सिद्धार्थाला वैराग्य आले. 'बुद्ध आणि त्याचा धम्म'मध्ये बाबासाहेबांनी ही कथा नाकारली. एकोणतीस वर्षांच्या माणसाने तोवर म्हातारा पाहिलाच नव्हता, हे त्यांच्या बुद्धीला पटेना. त्यांच्या ग्रंथात सिद्धार्थ घर सोडतो ते रोहिणी नदीच्या पाण्यावरून शाक्य आणि कोलियांत झालेल्या तंट्यामुळे, युद्धाला विरोध केल्याबद्दल. दुःख तिथे एकट्याच्या छातीत नाही, ते दोन गावांच्या मधोमध वाहणाऱ्या पाण्यात आहे. पाणी कोण घेणार, कोण अडवणार, आणि संघाने बहुमताने चुकीचा ठराव केला तर एकट्याने काय करायचे.

हुसेर्ल जरूर वाचा, मर्लो-पाँटीही वाचा. पण येत्या रविवारच्या वर्गात टेबल-खुर्ची नको. दौलताबादचा हौद घ्या, शेजारी रोहिणी ठेवा आणि 'अंतःस्फोट'मधली ती दोन आडनावे फळ्यावर लिहा.