साबुदाणा वड्यातले इंका

दादरच्या ‘प्रकाश’मधला साबुदाणा वडा फोडला, की आतले तिन्ही मुख्य जिन्नस दक्षिण अमेरिकेचे निघतात. साबुदाण्याचा कंद अमेझॉन खोऱ्याच्या कडेचा, शेंगदाणा अँडीजच्या पूर्व पायथ्याचा, बटाटा टिटिकाका सरोवराच्या परिसरातला. (मिरचीही अमेरिकेचीच, पण मेक्सिकोकडची.) याच बटाट्याच्या आणि मक्याच्या बळावर अँडीजमधल्या इंकांचं साम्राज्य आजच्या इक्वाडोरपासून चिलीपर्यंत पसरलं, तेही घोडा आणि चाकाची गाडी नसताना! हिशेब असे तो ‘किपू’मध्ये, म्हणजे दोऱ्यांच्या गाठींत. त्यांची बटाटा टिकवण्याची रीत तर विलक्षण होती. रात्रीच्या कडाक्यात तो गोठू द्यायचा, मग पायांनी तुडवून पाणी काढायचं आणि उन्हात खडखडीत वाळवायचा. हा ‘चुन्यो’ वर्षानुवर्षं टिके. रस्त्यांलगतच्या सरकारी कोठारांत तो साठवलेला असे आणि सैन्य, मजूर, दुष्काळात सापडलेली गावं त्यावर तगून राहत. १५३२ मध्ये स्पॅनिश आक्रमक पिझारोने काहामार्का इथे इंकांचा राजा अताहुआल्पा याला कैद केलं आणि सोन्याचांदीची अफाट खंडणी घेऊनही पुढच्या वर्षी ठार मारलं. खंडणीतल्या अप्रतिम कलावस्तू वितळवून टाकल्या गेल्या. इंकांनी भरून ठेवलेली धान्याची कोठारं मात्र त्यानंतरही कित्येक वर्षं त्याच स्पॅनिश फौजांना पोसत होती.