सोनं मिळालं ना, मग झालं तर!

"अहो, पण शेवटी सुवर्णपदक मिळालंच ना!" हे वाक्य ऐकलं की माझ्या डोक्यात तिडीक जाते. मार्गारिता मामूनचा विषय निघाला की ते हमखास येतं. तेव्हा मंडळी, आज त्या वाक्याचाच समाचार घेते.

ज्यांना हा खेळ ठाऊक नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. ऱ्हिदमिक जिम्नॅस्टिक्स म्हणजे १३ मीटर लांबी-रुंदीच्या गालिच्यावर, संगीताच्या तालावर, जेमतेम ९० सेकंदांत करायच्या कसरती. हातात कधी रिंग, कधी चेंडू, कधी छोट्या मुदगलांसारखे दोन क्लब, तर कधी ६ मीटर लांबीची रिबन. रीता (मार्गारिताला सगळे रीताच म्हणतात) १९९५ साली मॉस्कोत जन्मली. वडील मूळचे बांगलादेशातले, आई स्वतः पूर्वीची जिम्नॅस्ट. २०१६ च्या रिओ ऑलिंपिकमध्ये ७६.४८३ गुण मिळवून ही पोरगी पहिली आली.

त्याआधीचे महिने मार्ता प्रुस ही पोलिश दिग्दर्शिका तिच्यामागे कॅमेरा घेऊन होती. तिचा 'ओव्हर द लिमिट' हा माहितीपट २०१७ साली आला. त्यात रशियाच्या तेव्हाच्या मुख्य प्रशिक्षक इरिना व्हिनर या मुलीला जे बोलतात ते मी इथं लिहू शकत नाही. तू माणूस नाहीस, खेळाडू आहेस, असंही तिला ऐकवलं जातं. वडील गंभीर आजारी असल्याचं कळतं, तरी सरावाचा वरवंटा फिरतच राहतो. रिओच्या विजयानंतर आठवडाभरातच ते गेले.

यावर आपली माणसं म्हणतात, "कडक होत्या म्हणून तर पोरगी घडली!"

घडली? बरं, मग गणित करू. त्याच संघात, त्याच व्हिनरबाईंच्या हाताखाली याना कुद्र्यावत्सेवा होती. २०१३, २०१४ आणि २०१५ अशी सलग तीन वर्षं सर्वसाधारण विजेतेपद मिळवणारी जगज्जेती. रिओच्या अंतिम फेरीत तिचा एक क्लब निसटला आणि ७५.६०८ गुणांवर तिला रौप्य मिळालं. जानेवारी २०१७ मध्ये पायाच्या दुखापतीमुळे तिनं खेळ सोडला. वय १९. शिव्यांनी सोनं मिळत असतं तर त्या दरबारातल्या सगळ्याच मुलींच्या गळ्यात ते पडायला हवं होतं. ज्या गोष्टी जिंकणारीच्या आणि हरणारीच्या, दोघींच्या वाट्याला सारख्याच आल्या, त्यांना यशाचं कारण कसं म्हणायचं? सातवीतल्या पोरालाही हे कळेल.

हाच तर्क मी माजी विद्यार्थ्यांच्या मेळाव्यांत वर्षानुवर्षं ऐकत आले. "बाई, अमुक सरांनी फोडून काढलं म्हणून आज इथं उभे आहोत." मेळाव्याला येतात ते उभे राहिलेलेच. त्याच सरांच्या धाकानं ज्यानं शाळा सोडली तो येत नाही, त्याला कुणी निमंत्रणही धाडत नाही. पदकांच्या यादीचंही तसंच असतं. गळालेल्यांची नावं तिच्यात नसतात.

कधीकधी ती माणसं स्वतःच बोलतात. २०२२ साली नीना कोराडीनी आणि अ‍ॅना बास्ता या इटलीच्या माजी ऱ्हिदमिक जिम्नॅस्ट जाहीरपणे बोलल्या. रोजची वजनं, त्यावरून होणारा अपमान, खाण्याची धास्ती, सगळं सांगितलं. म्हणजे हा केवळ रशियाचा खाक्या नव्हे.

"म्हणजे शिस्तच नको का?" असं कुणीतरी विचारणारच. शिस्त हवीच! एकच फेक शंभर वेळा करून घ्या, पाऊल चुकलं तर चुकलं म्हणून सांगा. आम्ही वहीत लाल शाईनं गोल काढायचो तो चुकलेल्या गणिताभोवती, मुलाच्या कपाळावर नव्हे. चूक दाखवणं वेगळं आणि माणूसपण काढून घेणं वेगळं. पहिलं जमत नाही तो दुसऱ्याचा आधार घेतो आणि त्यालाच कडकपणा म्हणतो.

आणि हे सगळं किती दिवसांच्या कारकिर्दीसाठी? रीतानं २०१७ च्या नोव्हेंबरात खेळाला रामराम ठोकला, तेव्हा तिला नुकतीच २२ वर्षं पूर्ण झाली होती. पुढचं सारं आयुष्य तिला माणूस म्हणूनच काढायचं आहे. जे बालपणीच काढून घेतलं ते बाविसाव्या वर्षी कोणता महासंघ परत देणार?

आता आपल्या मुंबई-ठाण्यातही लहान लहान मुली रिबन घेऊन या खेळात उतरल्या आहेत. फार आनंदाची गोष्ट. त्यांच्या आई-बापांना एवढंच सांगणं, कधीतरी न सांगता सरावाला जाऊन बसा. मुलीच्या हातून क्लब पडेपर्यंत थांबा. पडल्यावर प्रशिक्षक काय बोलतात ते नीट ऐका आणि ते ऐकताना मुलगी कुणाकडे बघते तेही पाहा. पदकाचं नंतर बघू.